वाळवंटातला एकांत आणि दारावरची वर्दळ : शार्ल द फुको तुआरेगांमध्ये

अल्जीरियाच्या दक्षिणेला, सहाराच्या ऐन मध्यात, होगार नावाचा डोंगराळ मुलूख आहे. ज्वालामुखीचे काळे खडक, वर्षानुवर्षं कोरडी राहणारी नदीची पात्रं, मधूनच एखादी बाभूळ. ऑगस्ट १९०५ मध्ये तिथल्या तामनरासेत नावाच्या वस्तीत एक फ्रेंच संन्यासी राहायला आला. वस्ती म्हणजे वीसेक घरटी, तीही विखुरलेली. दुसरा ख्रिस्ती धर्मगुरू भेटायचा तर कित्येक आठवडे उंटावरून प्रवास. आजूबाजूचे सगळे मुसलमान, त्यातले बरेचसे शेळ्या-उंट घेऊन चाऱ्यामागे फिरणारे तुआरेग. फ्रान्सच्या तीन फेऱ्या आणि वाळवंटातली भटकंती सोडली तर हा माणूस तिथे अकरा वर्षं राहिला आणि १ डिसेंबर १९१६ला तिथेच गोळी लागून गेला. त्याने एकाही तुआरेगाला ख्रिस्ती केलं नाही. १५ मे २०२२ला पोप फ्रान्सिस यांनी त्याला संत म्हणून जाहीर केलं.

त्याचं नाव शार्ल द फुको. (तत्त्वज्ञ मिशेल फुको वेगळा.) धर्मांतर नाही, मठ नाही, शिष्य नाही, मग हा माणूस तिथे नेमकं काय करत होता? ‘वाळवंटातला एकांतवासी’ म्हटलं की गुहा, मौन आणि जगाकडे पाठ असं चित्र डोळ्यांपुढे येतं, आणि फुकोच्या बाबतीत ते जवळजवळ सगळंच चुकीचं आहे. त्याची साधना समजून घ्यायची तर त्याच्या दारावर कोण येत होतं ते पाहावं लागतं.

त्याचा जन्म १८५८चा, स्ट्रासबुर्गच्या खानदानी घरातला. सहाव्या वर्षाच्या आत आई-वडील दोघंही गेले. निवृत्त कर्नल असलेल्या आजोबांनी वाढवलं. पौगंडावस्थेतच देवावरचा विश्वास उडाला. पुढे लष्करी शिक्षण, हातात वारशाचा भरपूर पैसा आणि तो उडवायची हौस. घोडदळात अधिकारी म्हणून अल्जीरियात बदली झाली, तेव्हा सोबत प्रेयसीला घेऊन गेला. वरिष्ठांनी तिला परत पाठवायला सांगितलं, याने ऐकलं नाही आणि पलटणीतून बाहेर पडावं लागलं. काही महिन्यांनी आपले सोबती लढाईवर निघाल्याचं कळलं तसा परत रुजू झाला. ती मोहीम संपल्यावर मात्र त्याने सैन्य सोडलंच, कारण आता त्याला मोरोक्को पाहायचा होता.

तेव्हाचा मोरोक्को ख्रिस्ती माणसाला बंद होता. १८८३-८४ मध्ये फुको ज्यू रब्बीच्या वेशात, मार्दोशे अबी सेरूर या ज्यू वाटाड्याबरोबर तो देश फिरला. तळहातात मावेल एवढ्या वहीत चोरून नोंदी घेतल्या. त्या कामासाठी पॅरिसच्या भूगोल संस्थेने त्याला सुवर्णपदक दिलं. त्याच्या आयुष्याला वळण मात्र दुसऱ्याच गोष्टीने लागलं. मुसलमान माणसं दिवसातून पाच वेळा हातातलं काम टाकून नमाजाला उभी राहतात, बोलताना, चालताना देवाला विसरत नाहीत, हे तो जवळून पाहत होता. पुढे १९०१ साली एका मित्राला लिहिलेल्या पत्रात त्याने कबूल केलं, की इस्लामने त्याला आतून हलवून सोडलं. देवाच्या सततच्या सान्निध्यात जगणाऱ्या या लोकांकडे पाहून जगातल्या धावपळीपेक्षा मोठं आणि खरं काहीतरी आहे याची जाणीव झाली. हे मुद्दाम लक्षात ठेवायला हवं. ज्या समाजात तो पुढे ख्रिस्ती संन्यासी म्हणून राहिला, त्याच धर्माच्या लोकांनी त्याला देवाच्या वाटेवर पुन्हा आणून सोडलं होतं.

१८८६च्या ऑक्टोबरअखेरीस पॅरिसच्या सेंट ऑगस्टिन चर्चमध्ये तो आबे युव्हलँ या धर्मगुरूकडे गेला, धर्माविषयी चार गोष्टी विचारायला. युव्हलँने चर्चा टाळली. गुडघे टेक, पापकबुली दे, म्हणाला. फुकोने ते केलं आणि तिथून मागे वळला नाही. याच युव्हलँच्या प्रवचनातलं एक वाक्य त्याच्या मनात कायमचं रुतलं : ख्रिस्ताने सगळ्यात शेवटची जागा अशी काही धरली, की ती त्याच्याकडून कुणालाच हिरावून घेता आली नाही.

नाझरेथ म्हणजे काय

फुकोच्या अध्यात्माची किल्ली एका गावात आहे. येशूच्या आयुष्याचा विचार करताना लोक सहसा त्याची प्रवचनं, चमत्कार आणि क्रूस आठवतात. पण हे सगळं शेवटच्या तीनेक वर्षांतलं. त्याआधीची तीसेक वर्षं येशू नाझरेथ नावाच्या आडगावात सुताराच्या घरी राहिला, काम केलं, शेजारपाजार सांभाळला. त्या वर्षांबद्दल शुभवर्तमानात, म्हणजे बायबलमधल्या येशूच्या चरित्रांत, फारसं काही लिहिलेलं नाही. फुको या कोऱ्या जागेवर थांबला. देव माणूस झाला आणि आयुष्याचा बहुतेक काळ त्याने उपदेश न करता, कुणाच्या नजरेत न येता, गरिबाघरी घालवला, हेच त्याला सगळ्यांत थक्क करणारं वाटलं. ख्रिस्ताचं अनुकरण करायचं तर या अप्रसिद्ध वर्षांचं करायचं, असं त्याने ठरवलं.

ठरवणं सोपं, जमवणं अवघड. १८९०च्या जानेवारीत तो ट्रॅपिस्ट संन्याशांच्या मठात गेला. मौन, शेतीकाम आणि प्रार्थना असा त्यांचा कडक नेम असतो. सर्वांत गरीब मठ हवा म्हणून त्याने तुर्की साम्राज्यातल्या सीरियाकडचा अकबेसचा मठ मागून घेतला. तिथे १८९४ मध्ये एक साधासा प्रसंग घडला. मठाजवळ राहणारा एक गरीब ख्रिस्ती मजूर वारला आणि फुकोला त्याच्या घरी प्रार्थनेसाठी पाठवलं. त्या घराची अवस्था पाहून त्याच्या लक्षात आलं, की आपण ज्याला दारिद्र्याचं व्रत म्हणतो त्यात भक्कम भिंती आहेत, वेळेवर जेवण आहे, आजारपणात काळजी आहे. मजुराकडे यातलं काहीच नव्हतं. मठातलं दारिद्र्य सुरक्षित होतं, आणि येशूचं नाझरेथ तसं असणार नाही.

१८९७ मध्ये तो मठातून बाहेर पडला आणि थेट नाझरेथलाच गेला. तिथल्या क्लारा संप्रदायाच्या मठवासिनींकडे गडी म्हणून राहिला. बागेतल्या अवजारांच्या खोपटात झोपायचं, सांगतील ती कामं करायची, उरलेला वेळ प्रार्थना. तीनेक वर्षांनी त्याच्या ध्यानात आलं, की नाझरेथ नकाशावरच असायला हवं असं नाही. जिथे सगळ्यात शेवटची, कुणी न विचारलेली माणसं आहेत तिथे ते उभं करता येतं. ९ जून १९०१ला त्याने धर्मगुरूची दीक्षा घेतली आणि त्याच वर्षी तो मोरोक्कोच्या सीमेजवळच्या बेनी अब्बेस या ओअ‍ॅसिसमध्ये पोहोचला.

दार उघडं ठेवलेला मठ

बेनी अब्बेसला त्याने मातीच्या विटांचा छोटासा आश्रम बांधला. पुढेमागे काही बंधू येतील या आशेने खोल्या काढल्या, दिवसाची वेळापत्रकं आखली. एकांतवासाची हद्द म्हणून जमिनीवर दगड मांडले; त्यापलीकडे आपण जायचं नाही. पण लोक अलीकडे येत होतेच. १९०२ मधल्या एका पत्रात तो लिहितो, की पहाटे साडेचारपासून रात्री साडेआठपर्यंत बोलणं आणि माणसांना भेटणं थांबत नाही. गुलाम, गरीब, आजारी, सैनिक, वाटसरू, नुसते बघे. ज्याला एकांत हवा होता त्याच्या दाराशी अख्खं गाव. तो दार बंद करू शकला असता. त्याने तसं केलं नाही. ख्रिस्ती, मुसलमान, ज्यू, मूर्तिपूजक अशा सगळ्यांनी आपल्याला भाऊ समजावं, त्या घराला ‘बंधुत्व’ म्हणावं, ही त्याची इच्छा होती.

इथेच त्याची गाठ गुलामगिरीशी पडली. फ्रेंच कायद्याने गुलामगिरी १८४८ सालीच संपली होती, पण सहाराच्या ओअ‍ॅसिसमध्ये ती राजरोस चालू होती आणि स्थानिक मालकांना दुखवायचं नाही म्हणून फ्रेंच अधिकारी डोळेझाक करत होते. फुकोने पैसे गोळा करून काही गुलाम विकत घेतले आणि सोडून दिले. पहिला १९०२च्या जानेवारीत. आणि तेवढ्यावर न थांबता त्याने वरिष्ठांना पत्रांमागून पत्रं लिहिली. आपल्याला ‘मुके कुत्रे’ आणि ‘झोपलेले पहारेकरी’ होण्याचा अधिकार नाही, हे बायबलमधले शब्द त्याने स्वतःसकट सगळ्या ख्रिस्ती लोकांना लावले. सहाराचे धर्मप्रमुख गेरँ यांनी त्याला सबुरीचा सल्ला दिला. त्याने तो पाळला, पण मन दुखावूनच. माझ्या मते या माणसाच्या आयुष्यातला हा सगळ्यांत निःसंदिग्ध भाग आहे.

मग त्याची नजर अजून दक्षिणेकडे गेली. त्यामागे एका बाईची हकीकत आहे. १८८१ मध्ये कर्नल फ्लातेर्सच्या फ्रेंच मोहिमेवर तुआरेगांनी हल्ला करून ती जवळजवळ कापून काढली होती. वाचलेल्या जखमींना मारून टाकायला लोक आले, तेव्हा तारिशात नावाच्या खानदानी तुआरेग स्त्रीने त्यांना आपल्या घरात आसरा दिला, शुश्रूषा केली आणि बरे झाल्यावर परत पाठवायची सोय केली. फुकोने हे १९०३ मध्ये ऐकलं आणि ‘शत्रूवर प्रेम करा’ हे वचन जगणारी बाई आपल्याला मुसलमान तंबूत सापडली म्हणून तो भारावून गेला. त्याने तिला पत्र लिहिलं. पुढच्या वर्षी, लष्करातला जुना सोबती लापेरिन याच्या तुकडीबरोबर तो दक्षिणेकडे निघाला.

तुआरेगांचं जग

तुआरेग म्हणजे सहाराच्या आरपार पसरलेला बर्बर वंशाचा समाज. त्यांची भाषा वेगळी, तिफिनाघ ही लिपीही वेगळी. पुरुष निळ्या-काळ्या कापडाने तोंड झाकतात, बायका चेहरा उघडा ठेवतात. तंबू बाईच्या मालकीचा असतो. इम्झाद हे एकतारी वाद्य बायकाच वाजवतात. त्याच्या साथीने प्रेमाची, लढायांची, उंटांची कवनं म्हटली जातात. सरदार घराणी, त्यांना खंडणी देणाऱ्या शेळ्या राखणाऱ्या टोळ्या, लोहार-कारागीर आणि तळाला काळे गुलाम, अशी उतरंड. अमेनोकाल हा सगळ्यांचा प्रमुख.

फुको आला तेव्हा हा समाज नुकताच हरलेला होता. मे १९०२ मध्ये तित इथल्या लढाईत फ्रेंच तुकडीने होगारच्या तुआरेगांचं कंबरडं मोडलं. त्यानंतर मूसा अग अमस्तान या धोरणी पुढाऱ्याने फ्रेंचांशी तह केला आणि तो अमेनोकाल झाला. फुकोला तामनरासेतमध्ये राहायची परवानगी मूसानेच दिली. मूसा स्वतः धार्मिक होता, दक्षिणेकडच्या शेख बाय अल-कुंती या सूफी गुरूला मानणारा. म्हणून त्याला फुकोमध्ये काय दिसलं असेल याचा अंदाज करता येतो. तुआरेग फुकोला मराबू म्हणत. आपण फकीर, अवलिया म्हणतो तसं. पांढरा झगा, त्यावर शिवलेलं लाल हृदय आणि क्रूस, रात्री-पहाटेच्या प्रार्थना, अंगावर सोनंनाणं नाही. धर्म परका असला तरी देवासाठी सगळं सोडलेला माणूस ओळखायला त्यांना अडचण नव्हती.

मिस्साविना नाताळ

आता त्याच्या अध्यात्मातला सगळ्यात अवघड पेच. ख्रिस्ती नसलेल्या वाचकासाठी आधी थोडं सांगतो. कॅथलिक श्रद्धेप्रमाणे मिस्सामध्ये भाकर आणि द्राक्षरस खरोखर ख्रिस्ताचं शरीर आणि रक्त होतात. ही खूण किंवा आठवण समजली जात नाही. ख्रिस्त प्रत्यक्ष उपस्थित होतो. पवित्र झालेली भाकर वेदीवरच्या एका बंद पेटीत ठेवतात आणि तिच्यासमोर तासन् तास शांत बसणं ही मोठी प्रार्थना मानतात. फुकोचा सगळा दिवस, आणि बरीचशी रात्रही, याभोवती फिरत होती. त्याची कल्पना अशी होती : या मुलखात मी काही न बोलता नुसता राहिलो आणि माझ्या खोपटात ख्रिस्त या रूपात राहिला, तर तो तुआरेगांचा शेजारी झाला. त्यांना माहीत असो वा नसो, त्यांच्या मुलखाला त्याचा स्पर्श झाला.

पण त्या काळच्या चर्चच्या नियमाप्रमाणे धर्मगुरूला एकट्याने मिस्सा करता येत नसे. उत्तरं द्यायला निदान एक ख्रिस्ती माणूस हवा. १९०६च्या अखेरीस एक बंधू त्याच्यासोबत दक्षिणेकडे निघाला होता, पण तब्येत झेपेना म्हणून तो वाटेतूनच परतला. होगारमध्ये फुको एकटाच ख्रिस्ती. एखादा फ्रेंच अधिकारी किंवा प्रवासी आला तर मिस्सा, नाहीतर नाही. १९०७चा नाताळ मिस्साविना गेला. पिढ्यानपिढ्यांची नित्यपूजा ज्या घरात एकदाही चुकली नाही तिथे ती बंद पडावी, आणि तीही त्या घरातल्या सगळ्यात श्रद्धाळू माणसाच्या हाताने, तसं काहीसं हे होतं.

हा पेच त्याला आधीच दिसला होता. १९०७च्या उन्हाळ्यात त्याने गेरँना लिहिलं : मिस्सा करता येणार नाही तरी होगारला जावं, की मिस्सा करता यावी म्हणून जाऊच नये? पूर्वी तो दुसरं उत्तर देत असे, कारण एक मिस्सा ही माणसाच्या कितीही कामांपेक्षा मोठी. आता त्याने उत्तर बदललं. तिथे जाणारा धर्मगुरू दुसरा कुणी नाही, म्हणून आपण जायचं. मिस्साचं देवावर सोडायचं.

माझ्या वाचनात त्याच्या साधनेचा कणा इथे आहे. जी गोष्ट त्याला प्राणापलीकडे प्रिय होती, ती त्याने माणसांसाठी बाजूला ठेवली, आणि ती ठेवताना आपण देवापासून दूर जातोय असं मानलं नाही. मृत्यूच्या चार महिने आधी, १ ऑगस्ट १९१६ला, लुई मासिन्यों या तरुण अभ्यासकाला लिहिलेल्या पत्रात याचा उलगडा मिळतो. शुभवर्तमानातल्या ज्या वचनाने आपलं आयुष्य सर्वांत जास्त बदललं ते हे, असं तो म्हणतो : या लहानांतल्या एकासाठी तुम्ही जे काही करता ते माझ्यासाठी करता. आणि पुढे जोडतो, की ‘हे माझं शरीर आहे’ असं ज्या मुखाने म्हटलं, त्याच मुखाचे हे शब्द आहेत. म्हणजे वेदीवरची भाकर आणि दारातला भिकारी, दोन्हीकडे तोच. भाकर नसली तर भिकारी आहेच.

शेळ्यांचं दूध

१९०८च्या जानेवारीत तो कोसळला. होगारमध्ये सतरा महिने पाऊस नव्हता. चारा नाही म्हणून जनावरं आटलेली, आणि वस्तीत उपासमार. त्याने आपल्याकडचं धान्य वाटून टाकलं होतं. स्वतःचं जेवण आधीच निकृष्ट, ताजं काहीच नाही. वय उणंपुरं पन्नास. थोडंसं हललं तरी श्वास कोंडायचा, उठवत नव्हतं. लक्षणं स्कर्व्हीची वाटतात. आपण मरणार असं त्याला वाटलं.

तोपर्यंत त्याच्या मनात नातं एकाच दिशेचं होतं. हा देणारा, ते घेणारे. औषधं, धान्य, सुया, सल्ले. आता देण्यासारखं काही उरलं नाही आणि त्याला वाचवायला तुआरेग पुढे झाले. त्या भयाण दुष्काळात चार किलोमीटरच्या टापूत ज्या ज्या शेळीच्या सडात थेंबभर दूध होतं, ती ती शोधून त्यांनी त्याच्यासाठी दूध काढलं. हे त्याने स्वतःच आपल्या बहिणीसारख्या आतेबहिणीला लिहून कळवलं. ज्या घरातून ते दूध आलं त्या घरातही पोरं उपाशी असणार, हे वाचताना विसरता येत नाही. लापेरिनला खबर लागली तसे त्याने उंटांवर खाण्याच्या वस्तू पाठवल्या, आणि उपासतापासावरून त्याची खरडपट्टी काढली.

३१ जानेवारीला, अजून अंथरुणातच असताना, पत्र आलं : पोपनी त्याला एकट्याने मिस्सा करायची परवानगी दिली होती. (पवित्र भाकर पेटीत ठेवायची मुभा मात्र नव्हती, त्यासाठी त्याला आणखी कित्येक वर्षं थांबावं लागलं.)

चरित्रकार या आजारपणाला त्याचं दुसरं परिवर्तन म्हणतात आणि मला ते पटतं. त्याने खाण्यापिण्याचे अतिरेक कमी केले. माणसांशी बोलणं वाढलं. पुढे एका लष्करी डॉक्टरने तुआरेगांशी कसं वागावं असं विचारलं, तेव्हा त्याने सांगितलं : साधेपणाने वागा आणि नेहमी हसत राहा, अगदी साध्या गोष्टी बोलतानाही. मी बघा, नेहमी हसतो, माझे दात किती कुरूप आहेत ते सगळ्यांना दिसतं. पण त्या हसण्याने समोरच्याचं मन मोकळं होतं. अपुऱ्या आहारामुळे त्याचे दात खराब झालेले होते.

शब्द गोळा करण्याची साधना

त्याचा सगळ्यात जास्त वेळ गेला तो भाषेत. कित्येक वर्षं दिवसाचे दहा-दहा तास तो तुआरेग भाषेच्या कोशावर आणि कवितांवर बसत असे. हे काम त्याच्या अध्यात्मापासून वेगळं काढता येत नाही. ज्यांच्याबरोबर राहायचं त्यांची बोली त्यांच्यासारखीच यायला हवी, हा त्याचा हट्ट होता. वाळवंटातल्या प्रवासात तो तंबूंपाशी थांबायचा आणि कवनं म्हणणाऱ्यांना थोडे पैसे द्यायचा. बायकांची रांग लागायची, कारण कविता मुख्यतः त्यांच्याच तोंडी. दासीन ही मूसाच्या नात्यातली, आपल्या सौंदर्यासाठी आणि कवितेसाठी गाजलेली स्त्री त्याला शब्दांचे बारकावे सांगत असे. एखादी ओळ कुणी रचली, कुठल्या लढाईनंतर, कुणाला टोमणा म्हणून, हे सगळं तो टिपून ठेवी.

तुआरेग-फ्रेंच कोश हस्तलिखितातच दोन हजारांहून अधिक पानांचा आहे. झाडं, दागिने, तंबूचे भाग, उंटाचं खोगीर यांची त्याने स्वतः काढलेली चित्रं त्यात आहेत. १९५१-५२ मध्ये तो चार खंडांत छापला तेव्हा त्याच्या हस्ताक्षराचीच प्रतिकृती छापली, इतकं ते नीटस होतं. त्याला स्वतःचं नाव कुठेच नको होतं. १९०६ मध्ये मदतीला येऊन गेलेला आणि पुढच्याच वर्षी वारलेला भाषातज्ज्ञ मित्र मोतिलिन्स्की याच्या नावाने सगळं प्रसिद्ध व्हावं, असं त्याने सांगून ठेवलं. कवितांची स्वच्छ प्रत २८ नोव्हेंबर १९१६ला पूर्ण झाली. त्यानंतर तो तीन दिवस जगला.

१९१०-११ मध्ये त्याने असेक्रेमच्या पठारावर, समुद्रसपाटीपासून सुमारे २,७०० मीटर उंचीवर, आणखी एक दगडी खोली बांधली. गुहेतल्या एकांतवाशाच्या चित्राला शोभणारी जागा खरी हीच. पण तीही त्याने निवडली ती उन्हाळ्यात तुआरेग टोळ्या चाऱ्यासाठी तिकडे चढतात म्हणून.

फ्रेंच असण्याची बाजू

हे सगळं सांगून दुसरी बाजू लपवणं बरोबर नाही. फुको वसाहतीच्या सैन्याच्या मागोमाग होगारमध्ये आला. लापेरिन आणि इतर अधिकाऱ्यांना तो मुलखाची माहिती देत असे, सल्ले देत असे. फ्रेंच राज्य या लोकांच्या भल्याचं आहे असं त्याला मनापासून वाटत होतं. महसूल, अन्याय, गुलामगिरी यांवर तो अधिकाऱ्यांना फैलावर घेई, पण राज्याच्या हक्कावर त्याने प्रश्न केला नाही. २९ जुलै १९१६च्या एका पत्रात त्याने लिहिलं, की उत्तर आफ्रिकेतल्या लोकांना आपण फ्रेंच करू शकलो नाही तर ते आपल्याला हाकलून देतील, आणि ते फ्रेंच होण्याचा मार्ग म्हणजे ख्रिस्ती होणं. अल्जीरिया १९६२ मध्ये स्वतंत्र झाला. पत्रातला अंदाज खरा ठरला आणि त्यामागची दृष्टी मात्र आज वाचवत नाही. मासिन्योंला लिहिलेलं पत्र आणि हे पत्र यांत तीनच दिवसांचं अंतर आहे. दोन्ही त्याचीच आहेत आणि मला त्यांतलं एकही बाजूला ठेवता येत नाही.

पहिल्या महायुद्धात सनुसी या मुसलमान संप्रदायाच्या लढवय्यांनी फ्रेंचांविरुद्ध उठाव केला आणि लुटारू टोळ्या होगारपर्यंत येऊ लागल्या. वस्तीतल्या लोकांना आसरा मिळावा म्हणून फुकोने मातीच्या विटांची गढी बांधली. आत विहीर होती, आणि बंदुकाही होत्या. १ डिसेंबरच्या संध्याकाळी त्याच्या ओळखीचा एल मदानी दारावर आला आणि टपाल आल्याचं सांगितलं. फुकोने हात बाहेर काढताच टोळीने त्याला ओढून बाहेर काढलं आणि बांधून घातलं. पंधराएक वर्षांचा एक मुलगा बंदूक घेऊन राखणीला होता. तेवढ्यात सैन्याचे दोन उंटस्वार टपाल घ्यायला आले, गोळीबार सुरू झाला आणि घाबरून त्या मुलाने फुकोवर गोळी झाडली. पोल एम्बारेक या सुटका झालेल्या गुलामाने हे डोळ्यांनी पाहिलं आणि पुढे साक्ष दिली. कोशाची आणि कवितांची पानं गढीत विखुरलेली सापडली.

बातमी कळल्यावर मूसाने फुकोच्या बहिणीला पत्र लिहिलं : शार्ल मराबू फक्त तुमच्यासाठी मेला नाही, आम्हा सगळ्यांसाठीही मेला, देव त्याच्यावर दया करो आणि स्वर्गात त्याची-आमची भेट होवो. सूफी गुरूचा शिष्य असलेला मुसलमान प्रमुख ख्रिस्ती संन्याशाला स्वर्गात भेटायची गोष्ट करतो आहे.

फुकोने आयुष्यभर बंधुसंघांचे नियम लिहिले, पण त्याच्या हयातीत कुणी टिकलं नाही. १९३३ मध्ये रने व्हॉयोम आणि चार सोबत्यांनी अल्जीरियातल्या एल अबियोद सिदी शेख इथे येशूच्या लहान बंधूंचा संघ सुरू केला. १९३९ मध्ये मादलेन ह्युतँ यांनी तुगुर्तला येशूच्या लहान भगिनींचा. भगिनींनी सुरुवातच भटक्या लोकांच्या शेजारी राहून केली. हे लोक शाळा-दवाखाने काढत नाहीत, प्रवचनं देत नाहीत. दोघं-तिघं मिळून गरीब वस्तीत खोली घेतात, कारखान्यात, बांधकामावर, मासेमारीवर मजुरी करतात आणि संध्याकाळी येऊन प्रार्थनेला बसतात. २०२२च्या त्या मे महिन्यात फुकोबरोबर ज्यांना संतपद मिळालं त्यांत अठराव्या शतकातले त्रावणकोरचे देवसहायम पिल्लै होते. भारतातल्या गृहस्थ ख्रिस्ती माणसाला मिळालेलं ते पहिलं संतपद, आणि तेही गोळी लागूनच मेले होते.